‘अ‍ॅनास्टोमोसिस’ म्हणजे नेमके काय, आणि मराठीत त्याला काय म्हणावे?

शब्दवेल्हाळ

नमस्कार. एका धर्मादाय रुग्णालयासाठी शस्त्रक्रियेच्या संमतिपत्रांचे मराठी भाषांतर करण्याचे काम सध्या माझ्याकडे आहे. मोठ्या आतड्याच्या शस्त्रक्रियेच्या संमतिपत्रात ‘अ‍ॅनास्टोमोसिस’ या शब्दापाशी मी तीन दिवस अडून बसले आहे. मूळ मजकुराचा आशय असा की, आतड्याचा रोगग्रस्त भाग काढून टाकल्यावर उरलेल्या दोन टोकांचे अ‍ॅनास्टोमोसिस केले जाईल, आणि काही रुग्णांमध्ये या अ‍ॅनास्टोमोसिसमधून गळती होऊन पुन्हा शस्त्रक्रिया करावी लागू शकते.

हिंदी परिभाषेत यासाठी ‘सम्मिलन’ असा शब्द आहे. तो तसाच उचलला, तर ‘आतड्यांचे संमीलन’ वाचताना स्नेहसंमेलनाची पत्रिका हाती आल्यासारखे वाटते. ‘सांधणे’, ‘शिवणे’, ‘पुनर्जोडणी’ हे शब्दही लिहून खोडले आहेत. ज्याला उद्या या कागदावर सही किंवा अंगठा करायचा आहे, त्याला वाक्य एका वाचनात कळले पाहिजे आणि वैद्यकीय अर्थही हलता कामा नये, अशी माझी अडचण आहे. हा शब्द शिवण्याच्या क्रियेचा आहे की जोडले गेलेल्या जागेचा, तो फक्त आतड्यालाच लागू पडतो का, आणि डॉक्टर नातेवाइकांशी बोलताना प्रत्यक्षात काय म्हणतात, हे जाणकारांनी कृपया सांगावे.

ताम्हण

मी वैद्यकीय क्षेत्रातला नाही, पण या शब्दाची झळ सोसलेली आहे. वडिलांच्या आतड्याची शस्त्रक्रिया झाली तेव्हा सर्जननी औषधाच्या चिठ्ठीच्या मागे दोन नळ्या काढून ‘इथे जोड दिला आहे’ असे सांगितले होते, आणि ते आम्हाला लगेच कळले होते. सहाव्या दिवशी रात्रपाळीच्या कोणीतरी ‘आतले टाके सुटलेत’ असे घाईत सांगितले. आमच्या ध्यानात ‘टाके’ एवढेच राहिले. आई आणि मी पोटावरची पट्टी पाहत बसलो, टाके तर जागच्या जागी दिसत होते, त्यामुळे गोष्ट गंभीर नसावी अशी आम्ही समजूत करून घेतली. दुसऱ्या दिवशी सकाळी वडिलांना पुन्हा शस्त्रक्रियागृहात नेताना खरा प्रकार समजला. आपण शब्द निवडताना ‘टाके’ मात्र टाळा, एवढीच विनंती.

निवृत्त_शल्यक

प्रश्न नेमका विचारला आहे, म्हणून सविस्तर लिहितो.

पहिल्यांदा अर्थ. दोन पोकळ नळ्यांचे किंवा पोकळ अवयवांचे अंतर्भाग एकमेकांत उघडतील, म्हणजे एकातील द्रव सरळ दुसऱ्यात जाऊ शकेल, अशा रीतीने त्यांना जोडणे म्हणजे अ‍ॅनास्टोमोसिस. जोडण्याच्या क्रियेला आणि जोडल्या गेलेल्या जागेला, दोन्हींना हाच शब्द वापरतात. ‘अ‍ॅनास्टोमोसिसला पाऊण तास लागला’ यात क्रिया आहे, ‘अ‍ॅनास्टोमोसिस निरोगी दिसत आहे’ यात जागा आहे. संमतिपत्राच्या आपण दिलेल्या एकाच वाक्यात हे दोन्ही अर्थ आले आहेत आणि भाषांतर तिथेच अडते.

‘शिवणे’ का चालत नाही? शिवणे हे साधन आहे. आतड्याला एखादे छिद्र पडले आणि ते मी टाके घालून बुजवले, तर मी शिवले खरे, पण अ‍ॅनास्टोमोसिस केले नाही. उलट बाजूने, आज बरेच जोड स्टेपलरने केले जातात. त्यात सुई-दोरा नसतो, तरीही ते अ‍ॅनास्टोमोसिसच असते. ‘पुनर्जोडणी’ हा शब्द अर्ध्याच ठिकाणी खरा ठरतो. आतड्याचा मधला तुकडा काढून तीच दोन टोके जोडली, तर ती पुनर्जोडणी. परंतु जठराचा खालचा मार्ग बंद झाल्यावर जठर थेट लहान आतड्याच्या मध्यांत्राला जोडतात, तेव्हा निसर्गाने कधीच न जोडलेल्या दोन गोष्टी आपण जोडत असतो. ‘सांधा’ म्हटले की रुग्ण स्वतःच्या गुडघ्याकडे पाहतो, म्हणून तोही बाद. माझ्या चाळीस वर्षांच्या कामात मी स्वतः ‘जोड’ हाच शब्द वापरला आणि माझ्या ओळखीचे बहुतेक मराठी सर्जनही तोच वापरत असत. नळाचा जोड, पाइपचा जोड प्रत्येकाने पाहिलेला असतो, आणि तो गळू शकतो हेही वेगळे सांगावे लागत नाही.

आता व्युत्पत्ती. ग्रीक भाषेत ‘स्टोमा’ म्हणजे तोंड. अ‍ॅनास्टोमोसिस म्हणजे तोंड उघडून देणे, मुख पाडणे. हा शब्द मुळात शस्त्रक्रियेचा नव्हताच. इसवी सनापूर्वी तिसऱ्या शतकात अलेक्झांड्रियात काम करणाऱ्या एरासिस्ट्राटस या ग्रीक वैद्याची अशी समजूत होती की, रोहिणींमध्ये रक्त नसून एक प्रकारचा वायू असतो. मग रोहिणी कापल्यावर रक्त कसे येते? त्याचे उत्तर असे की, नीला आणि रोहिणी यांच्यामध्ये सूक्ष्म तोंडे असतात, एरवी ती मिटलेली असतात, आणि वायू निसटला की ती उघडून रक्त पलीकडे शिरते. ही तोंडे म्हणजे त्याची अ‍ॅनास्टोमोसिस. सिद्धान्त चुकला, शब्द मात्र टिकला. पुढे शरीररचनाशास्त्रात दोन रक्तवाहिन्यांमधील नैसर्गिक दुव्यांना तो लागला. मेंदूच्या तळाशी असलेले रोहिण्यांचे कडे, ज्याचे वर्णन थॉमस विलिस याने १६६४ साली केले, हे त्याचे प्रसिद्ध उदाहरण. तळहातातही असेच आहे. मनगटातल्या दोन रोहिण्यांपैकी एक दाबून धरली तरी बहुतेक लोकांचा तळहात पांढरा पडत नाही, कारण आत त्या एकमेकींना मिळालेल्या असतात. पुण्यात मिरवणुकीच्या दिवशी लक्ष्मी रस्ता बंद असला तरी पेठेतला माणूस बोळाबोळांतून पलीकडे पोचतोच, तसेच हे आहे. शस्त्रक्रियेत हा शब्द सर्वांत शेवटी आला, आणि आज सर्वसामान्य माणसाच्या कानावर पडतो तो त्याच अर्थाने.

शब्दांच्या शेपट्यांविषयीही सांगून ठेवतो, कारण संमतिपत्रांत पुढे त्या येणारच आहेत. ‘टॉमी’ म्हणजे कापणे, ‘एक्टमी’ म्हणजे कापून काढून टाकणे, आणि ‘स्टॉमी’ म्हणजे तोंड करणे. गॅस्ट्रोटॉमीत जठर उघडून पुन्हा बंद करतात, गॅस्ट्रेक्टमीत जठर किंवा त्याचा भाग काढून टाकतात, आणि गॅस्ट्रोस्टॉमीत जठराला पोटाच्या भिंतीवर तोंड करून देतात. ‘स्टॉमी’च्या आधी एकाच अवयवाचे नाव असेल, तर ते तोंड बहुधा बाहेर, त्वचेवर उघडते, जसे मोठ्या आतड्याच्या कोलोस्टॉमीत. दोन अवयवांची नावे असतील, जसे गॅस्ट्रोजेजुनोस्टॉमी (जठर आणि मध्यांत्र), तर ते तोंड आतल्या आत एका अवयवातून दुसऱ्यात उघडते, म्हणजेच ते अ‍ॅनास्टोमोसिस होय. एका अक्षराच्या फरकाने रुग्णाच्या पोटावर मळ गोळा करणारी पिशवी असणार की नाही हे ठरते, म्हणून भाषांतरात इथे डोळ्यांत तेल घालून पाहावे.

जमाखर्च

डॉक्टरसाहेब, ‘तोंड उघडून देणे’ वाचून एक गंमत आठवली. आम्हा हिशेबनिसांकडे जमा आणि खर्च या दोन बाजू जुळवण्याला ‘तोंडमिळवणी’ म्हणतात. ग्रीक शब्दाचे यापेक्षा चपखल मराठी रूप सापडणे कठीण. मात्र ते आम्ही आधीच अडवून ठेवले आहे, आणि ‘आपल्या आतड्यांची तोंडमिळवणी केली जाईल’ असे वाचून रुग्ण आधी बिलाची चौकशी करेल.

शब्दवेल्हाळ

निवृत्त_शल्यक, आपण इतके तपशिलात लिहिलेत याबद्दल मनापासून आभारी आहे. ‘जोड’ जवळजवळ पटला आहे. मात्र संस्थेतील एका ज्येष्ठ सदस्यांनी अशी हरकत घेतली आहे की, ‘जोड’ हा शब्द सुतारकामाचा किंवा नळकामाचा वाटतो आणि वैद्यकीय कागदावर तो हलका दिसतो. याला काय उत्तर द्यावे?

निवृत्त_शल्यक

त्यांना सांगा की हे काम मुळात कारागिरीचेच आहे, आणि त्याचा इतिहासही कारागिरीचा आहे.

एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीपर्यंत कापलेले आतडे जोडणे म्हणजे जवळजवळ मृत्यूला निमंत्रण होते. १८२६ साली फ्रान्समध्ये लाँबेर याने दाखवून दिले की, आतड्याच्या कडा आत दुमडून बाहेरचे गुळगुळीत आवरण आवरणाला भिडवले, तर ते चटकन चिकटते. म्हणजे टाका कसा घालायचा यापेक्षा कोणता थर कोणत्या थराला लावायचा, हा खरा शोध होता. त्यानंतर १८८७ साली अमेरिकेत हालस्टेड याने कुत्र्यांवरील प्रयोगांतून सिद्ध केले की, टाका खरा धरून ठेवतो तो श्लेष्मल पडद्याखालचा, म्हणजे आतड्याच्या आतल्या अस्तराखालचा थर, बाकीच्या थरांत दोरा सहज फाडत जातो. मधल्या काळात, २९ जानेवारी १८८१ रोजी, व्हिएन्नात बिलरोट याने कर्करोग झालेला जठराचा खालचा भाग काढून उरलेले जठर आद्यांत्राला, म्हणजे लहान आतड्याच्या पहिल्या भागाला, जोडले. रुग्ण स्त्री सुमारे चार महिने जगली आणि गेली ती पसरलेल्या कर्करोगाने. जोड टिकला होता. त्याच वर्षी त्याचा सहकारी व्योल्फ्लर याने न काढता येणाऱ्या गाठीला वळसा घालून जठर लहान आतड्याला जोडले.

तुमच्या ज्येष्ठ सदस्यांना विशेष पटेल असे उदाहरण शिकागोच्या मर्फी याचे आहे. त्याने १८९२ साली धातूचे एक बटण काढले. बटणाचा एकेक अर्धा भाग आतड्याच्या एकेका टोकात बसवायचा आणि दोन्ही दाबून अडकवायचे, इतके सोपे. मध्ये चिमटलेली ऊती मरून जाई, भोवतीचा भाग जुळून येई, आणि बटण यथावकाश शौचावाटे पडून जाई. १९०८ साली बुडापेस्टमध्ये ह्युल्ट्ल याने वापरलेला पहिला स्टेपलर साडेतीन किलोंहून जड होता. आज आपण वापरतो ती नाजूक साधने त्याचीच वंशज आहेत.

रक्तवाहिन्यांची कथा आणखी वेगळी. १८९४ साली फ्रान्सचे राष्ट्राध्यक्ष कार्नो यांच्यावर लियाँ शहरात सुऱ्याने हल्ला झाला, यकृताकडे जाणारी मोठी नीला कापली गेली, आणि ती शिवता येईल असे तंत्र कोणाकडेच नसल्यामुळे ते वाचले नाहीत. त्याच शहरातील तरुण अलेक्सिस कॅरल याने नंतर बारीक सुया आणि रेशीम घेऊन सराव केला, आणि त्याने तेथील एका भरतकाम करणाऱ्या बाईंकडून शिकवणी घेतली असे सांगितले जाते. त्याची युक्ती अशी की, गोल तोंडावर समान अंतराने तीन टाके घालून ते ताणायचे, म्हणजे वर्तुळाचा त्रिकोण होतो आणि सरळ कडा शिवणे सोपे जाते. ही पद्धत त्याने १९०२ साली प्रसिद्ध केली, आणि १९१२ साली त्याला नोबेल पारितोषिक मिळाले. तेव्हा भरतकाम, बटण आणि नळकाम यांच्या शेजारी ‘जोड’ शब्द शोभूनच दिसतो.

गोदातीर

आपल्याकडे सुश्रुतांनी हे सगळे हजारो वर्षांपूर्वी केलेले आहे. मुंग्यांच्या साहाय्याने आतड्याचे अ‍ॅनास्टोमोसिस केल्याचे वर्णन सुश्रुतसंहितेत आहे. त्याचा उल्लेख या चर्चेत कसा आला नाही?

वैद्य_सदाशिवपेठ

उल्लेख जरूर यावा, परंतु जे लिहिले आहे तेवढाच यावा. चिकित्सास्थानाच्या चौदाव्या अध्यायात, उदररोगांच्या संदर्भात, हा भाग आहे. पोट उघडून आतडे बाहेर घ्यावे, अडथळा किंवा छिद्र शोधावे, शल्य काढावे, आणि छिद्राच्या कडा एकत्र धरून त्यांना मोठ्या काळ्या मुंग्यांकडून चावे घ्यायला लावावे. मुंगीने कडा पकडल्या की तिचे धड तोडून टाकायचे, डोके तसेच राहू द्यायचे, आणि आतडे पूर्ववत आत ठेवून बाहेरून शिवायचे. हे विलक्षणच आहे. शरीरात पुढे विरून जाईल असा पदार्थ वापरायचा, हा विचार त्यात स्पष्ट दिसतो, आणि दोन कडा पकडून ठेवणाऱ्या मुंगीच्या जबड्यांत आजच्या स्टेपलची पिन पाहिली तर ती अतिशयोक्ती नव्हे.

तथापि हे छिद्र बुजवणे आहे. आतड्याचा भाग काढून दोन टोके जोडण्याचे वर्णन तेथे नाही, आणि निवृत्त_शल्यक यांनी वर केलेली ‘शिवणे’ आणि ‘जोडणे’ यांची फोड लावली, तर मुंग्यांचा प्रयोग ‘शिवणे’ या बाजूला पडतो. सुश्रुतांच्या आठ शस्त्रकर्मांतही ‘सीवन’ हे स्वतंत्र कर्म आहे. आपल्या ग्रंथांचा मान राखायचा असेल, तर त्यांचे शब्द त्यांनी ज्या अर्थाने वापरले त्याच अर्थाने वाचावेत.

कासचे_पठार

विषयाला थोडा फाटा देते. मी वनस्पतिशास्त्र शिकवते. लहानपणी वहीत ठेवलेले पिंपळाचे जाळीदार पान आठवा. त्यातील शिरा फाटे फुटून पुन्हा एकमेकींना मिळतात, त्यालाही हाच शब्द वापरतात. फुटून पुन्हा एकत्र येणाऱ्या नदीच्या प्रवाहांनाही भूशास्त्रज्ञ हेच विशेषण लावतात. तिथे ‘जोड’ शोभणार नाही. तेव्हा एका इंग्रजी शब्दाला सर्वत्र एकच मराठी शब्द हवा, हा हट्ट सोडलेला बरा.

आठवड्यातून_तीनदा

मी डायलिसिसवर आहे. माझ्या डाव्या मनगटाजवळ रोहिणी आणि नीला जोडून ‘फिस्टुला’ केला आहे. या चर्चेप्रमाणे तो अ‍ॅनास्टोमोसिस ठरतो. मग त्याला फिस्टुला का म्हणतात? माझ्या एका नातेवाइकाला भगंदर झाले होते, त्यालाही डॉक्टर फिस्टुलाच म्हणत होते, त्यामुळे घरात बराच गोंधळ झाला होता.

निवृत्त_शल्यक

आपली शंका अगदी रास्त आहे. फिस्टुला म्हणजे दोन पोकळ्यांमधील किंवा पोकळी आणि त्वचा यांच्यामधील, निसर्गतः नसलेला मार्ग. तो बहुधा आजाराने, जखमेने किंवा पू साठून होतो. भगंदर हे त्याचेच उदाहरण. जोड आपण करतो, फिस्टुला आपसूक होतो, असा व्यवहारातला भेद आहे. डायलिसिसचा फिस्टुला मात्र या नियमाला अपवाद आहे, कारण तो मुद्दाम केलेला असतो. रोहिणी आणि नीला यांच्यातला अनैसर्गिक मार्ग जखमेमुळे होतो हे सर्जनना आधीपासून ठाऊक होते, तशा मार्गामुळे नीला फुगते आणि तिच्यात जोराचा प्रवाह येतो हेही ठाऊक होते. १९६६ साली न्यूयॉर्कच्या ब्रेशिया, सिमिनो आणि सहकाऱ्यांनी तोच परिणाम डायलिसिसच्या सुयांसाठी उपयोगात आणला, आणि जुने नाव तसेच राहिले. काटेकोरपणे सांगायचे तर आपल्या मनगटातली शिवलेली जागा म्हणजे जोड, आणि त्या जोडामुळे तयार झालेली सगळी वाट म्हणजे फिस्टुला. हृदयाच्या ‘बायपास’चेही तसेच आहे. बायपास हा वळणरस्ता, आणि तो मूळ रस्त्याला जिथे मिळतो तो जोड.

वॉर्डातली_ताई

मी तीस वर्षे शस्त्रक्रिया विभागात परिचारिका होते. वर ताम्हण यांनी लिहिलेला प्रसंग वाचून वाईट वाटले, परंतु आश्चर्य वाटले नाही. आम्ही आपसात ‘लीक आहे’ म्हणतो आणि नातेवाइकांसमोर त्याचे मराठी करताना जे तोंडाला येईल ते बोलून जातो. त्यातून तीन वेगवेगळ्या गोष्टींची गल्लत होते. पोटावरचे टाके उसवणे ही एक, जोडातून थोडी गळती होणे ही दुसरी, आणि जोड पूर्ण सुटणे ही तिसरी. दुसऱ्या प्रकारात कित्येकदा उपाशी ठेवून, प्रतिजैविके देऊन, नळी टाकून निभावते. तिसऱ्यात पुन्हा पोट उघडल्याशिवाय गत्यंतर नसते. ‘जोड सुटला’ हे वाक्य दुसऱ्या प्रकाराला वापरले तर घरचे लोक खचतात, आणि ‘थोडे लीक आहे’ हे तिसऱ्याला वापरले तर ते गाफील राहतात.

गळती बहुधा पहिल्या आठवड्यात, त्यातही पाचव्या दिवसाच्या आसपास लक्षात येते. पहिले काही दिवस जोडाची सगळी भिस्त टाक्यांवर किंवा पिनांवर असते, कारण जुन्या ऊती मऊ पडलेल्या असतात आणि नव्या अजून धरलेल्या नसतात. त्या दिवसांत नाडी वाढलेली दिसली की आमचे मोठे सर रात्री दोन वाजताही येत. संमतिपत्रात हे दिवस लिहावेत असे मला वाटते, म्हणजे ‘चार दिवस तर ठीक होते, मग अचानक काय झाले’ हा प्रश्न निदान थोडा कमी होईल.

निवृत्त_शल्यक

ताईंच्या म्हणण्याला पूर्ण अनुमोदन. एक भर घालतो. दोन्ही टोकांना रक्तपुरवठा चांगला हवा, जोडावर ताण नको, आणि पुढे अडथळा नको, हे आम्हाला पहिल्या वर्षापासून घोकवले जाते. यातले काही जमत नसेल, किंवा रुग्णाची प्रकृती फार नाजूक असेल, तर जोड न करणे हाच शहाणपणाचा निर्णय असतो. तेव्हा वरचे टोक पोटावर काढतात. कधी जोड करतात, पण तो भरून येईपर्यंत त्याच्या वरच्या बाजूला तात्पुरते तोंड काढून मळ बाहेर वळवतात. गुदाशयातल्या खालच्या जोडांना हे अधिक वेळा करावे लागते. आपल्या संमतिपत्रात ‘जोड केला जाईल’ असे ठाम विधान असेल, तर ते बदलून घ्या. तो निर्णय पोट उघडल्यावर होतो.

शब्दवेल्हाळ

सर्वांच्या सूचना घेऊन मसुदा असा केला आहे:

‘आतड्याचा आजारी भाग काढून टाकल्यावर उरलेली दोन टोके एकमेकांना जोडली जातील. या जागेला जोड म्हणतात. ती जोड करणे सुरक्षित नाही असे शस्त्रक्रियेच्या वेळी दिसले, तर आतड्याचे तोंड पोटावर काढून तेथे पिशवी लावली जाईल. काही रुग्णांमध्ये जोडातून गळती होते. ती बहुधा पहिल्या आठवड्यात लक्षात येते. गळती थोडी असल्यास औषधांनी आणि नळी घालून उपचार करता येतात; जास्त असल्यास किंवा जोड सुटल्यास पुन्हा शस्त्रक्रिया करावी लागते. पोटावरच्या टाक्यांशी या गळतीचा संबंध नाही.’

ताम्हण

शेवटचे वाक्य ठेवल्याबद्दल आभार.

निवृत्त_शल्यक

वैद्यकीय दृष्टीने योग्य आहे. पहिल्या वाक्यात ‘जोडली जातील’ हे ठाम विधान राहिले आहे, तिथे ‘शक्य असल्यास’ घाला. पिशवी काही रुग्णांना काही महिन्यांपुरती, तर काहींना कायमची असू शकते, हेही एका वाक्यात यावे.

वॉर्डातली_ताई

एक लहानसे. तिसऱ्या वाक्यात ‘ती जोड’ झाले आहे. व्यायामाला आहाराची जोड द्यायची असते तेव्हा ‘ती’ जोड. आतड्याचा, नळाचा ‘तो’ जोड. ‘तो जोड करणे’ असे करून घ्या.